खाडीकाठची थबक

दिवाळी सरली, भातं कापून शेतं मोकळी झाली, की बोरिवलीच्या खाडीकडल्या अंगाला ताडांच्या घोळक्यातल्या एका खळग्यात थबक उतरायची. वारा पडे, ओल्या पेंढ्याचा नि खारट चिखलाचा वास एका जागी साकळून राही, ऊन काकवीसारखं दाट दिसू लागे, आणि तिथल्या जुन्या ख्रिस्ती वस्तीतल्या बायका एकमेकींना हाक घालत, “थबक उतरली गं!” त्या खळग्यात दुपारभर काळ मंदावत असे. का मंदावतो हे कुणालाच ठाऊक नव्हतं आणि माझ्याखेरीज कुणाला त्याची फिकीरही नव्हती. मला मात्र प्रत्येक गोष्टीचं ‘का’ हवं असे. आई म्हणायची, ही देवालासुद्धा उलटतपासणीला उभं करील.

त्या वर्षांत, म्हणजे पन्नास सालाच्या आगेमागे, आम्ही नुकतेच तिकडे राहायला गेलो होतो. माझी मैत्रीण फिलू त्या वस्तीतली. तिचे वडील बोटीवर खलाशी होते, आणि थबक उतरली की तिची आई आत जाऊन बसे. मी काठावरून डोळे ताणून तिच्याकडे बघत राही. कपाळावरची बट मागे सारायला तिचा हात उठे तेव्हा ऊन डोक्यावर असे, आणि तो कानाशी पोचेपर्यंत गुरं घराकडे वळलेली असत. वरून सुटलेलं वाळकं पान झपकन खाली येई आणि खळग्याच्या तोंडाशी पोचताच अधांतरी रेंगाळे. या बाईच्या वाट्याला केवढी लांबलचक दुपार येत असेल, असा मी माझ्यापुरता निष्कर्ष काढून टाकला.

त्याच सुमारास माझ्या थोरल्या भावाला, दादाला, आफ्रिकेत नोकरी लागली. निघायच्या दिवशी संध्याकाळी टांगा यायचा होता. आई सकाळपासून त्याच्या आवडीच्या गव्हल्यांच्या खिरीत गुंतली होती. दादा जाणार हे मला सोसवत नव्हतं. उरलेली दुपार कशीही करून ताणून हवी होती. “जेवायच्या आत येतो,” असं आईला सांगून मी त्याला खळग्यात घेऊन गेले.

आत गेल्यावर काहीच निराळं वाटलं नाही, याचंच मला नवल वाटलं. दादाने खिशातला पेरू फोडला आणि अर्धा मला दिला. वेळ मुबलक आहे या भरवशावर आम्ही अगदी क्षुल्लक गोष्टींपासून सुरुवात केली: त्याच्या नव्या बुटांची करकर, शेजाऱ्यांचा खोडकर बोका. मनातलं बोलणं सावकाशीने निघेल, अशी माझी समजूत होती. पेरू संपलाही नव्हता तोच माझी मान वर गेली. बाहेर ताडांच्या सावल्या शेतांवरून धावत सुटल्या होत्या, पाखरांचे थवे आभाळात नुसते रेघा ओढून जात होते, आणि काठावर उभी असलेली फिलू इतक्या वेगाने हात हलवत होती की हातच दिसेना.

आम्ही धडपडत वर आलो तेव्हा पश्चिम तांबडी झाली होती.

“वेडी का काय तू?” फिलू ओरडली. “आई बसते ती बाबाची वाट बघत. दुपारी झटकन सराव्यात म्हणून! जाणाऱ्या माणसाला घेऊन कुणी बसतं का तिथं?”

काठावरून जे लांबलेलं दिसत होतं, ते आत बसणाऱ्याला आखूड पडत होतं. माझ्या सगळ्या चौकसपणाला एवढी साधी गोष्ट सुचली नव्हती.

टांगा दाराशी उभाच होता. दादाने उभ्याउभ्या खिरीचा एक घोट घेतला आणि आईच्या पाया पडला. वाढलेल्या ताटापाशी दुपारभर बसून राहिलेली आई त्याच्या पाठीवरून नुसता हात फिरवत राहिली. मला तेव्हा हमसून रडू आलं.

पुढली दिवाळी दादाविना गेली. त्याला रजा मिळत नव्हती आणि आईचं कशातच लक्ष लागत नव्हतं. शेवटी फिलूच म्हणाली, “काकी, तुम्ही पण या ना. आईशेजारी बसा. दुपार कधी गेली कळायचं पण नाही.” मी आईला घेऊन गेले. काठाशी येऊन ती थबकली. आत निश्चल बसलेल्या फिलूच्या आईकडे पुष्कळ वेळ पाहत राहिली, आणि मग पदर सावरून काठावरच, वाळल्या गवतात बसली.

“तुला जायचं तर जा,” ती म्हणाली. “त्याच्याबरोबरची दुपार तर गेलीच माझी. आता त्याची वाट बघणं तेवढं उरलंय. तेही असं भुर्रकन उडवून टाकू होय गं?”

मी आत गेले नाही. ती दादाच्या लहानपणचं काहीबाही सांगू लागली, मध्येच गवताची काडी मोडत बसली, पुन्हा सांगू लागली. समोर ऊन होतं तिथेच होतं. थबकीची हद्द नेमकी कुठवर पोचत असावी, हे कोडं मला आजवर सुटलेलं नाही; कारण आम्ही दोघी तिच्या बाहेर होतो, आणि तरीही ती दुपार काही केल्या सरत नव्हती.