रिकाम्या खुंट्यांची धुरी

युद्ध नुकतंच संपलेल्या त्या देशात मी लसीचा डबा घेऊन पोहोचलो, पण गुरांची साथ माझ्याआधीच येऊन गेली होती. नदीकाठच्या त्या वस्तीत नुसते खुंटे उरले होते. तरीही दिवस मावळताच दारोदार गोवऱ्या पेटल्या. डासांपासून गुरांना जपायला तिथे रोज अशी धुरी करतात. धूर खुंट्यांभोवती बसलेल्या गुरांच्या पाठींसारखा साचत गेला. एक बाई त्यातून वळसे घेत चालत होती, जणू कुणाच्या शेपटीवर पाय पडू नये.

लढाईत तिने आपली गुरं झाडीत लपवून वाचवली होती, असं कळलं. मी दुभाष्याकरवी विचारलं, "आता धुरी कुणासाठी?"

"शेण त्यांचंच आहे," ती म्हणाली. "ते आहे तोवर गुरंही इथेच आहेत."

आपणही गेलेल्या माणसाची उशी बरेच दिवस धूत नाही. वास विरेल या भीतीने ती फारशी हुंगतही नाही.

गोवऱ्यांचा ढीग पाटीभरच उरला होता. तिने हातातली गोवरी मोडली, अर्धी विस्तवात टाकली आणि अर्धी जपून परत ठेवली.