फक्त एक रहिवासी

चष्म्याच्या कारखान्यात मोठी ज्या टेबलाशी बसते, तिथे चूक सुधारायची सोय नाही. काच फ्रेमच्या मापाला घासायची, बसवून बघायची, पुन्हा जराशी घासायची. केसभर जास्त घासली गेली की ती काच गेली. कितीही हळहळलं तरी ती परत मोठी होत नाही. म्हणून मोठी हळू काम करते आणि मुकादमाची बोलणी खाते. हात असा सांभाळून चालवणाऱ्या या बाईला जीभ सांभाळणं मात्र कधी जमलं नाही. 'मोठी' हे काही तिचं नाव नव्हे. घरातल्या दोन जावांपैकी ती मोठी, म्हणून मोठी. दुसरी धाकटी. धाकटी रुग्णालयात नर्स होती आणि तिला कायमची रात्रपाळी होती.

दोघींचा दोन वर्षं अबोला होता. आता जावा-जावांचा अबोला ही काही पेपरात छापायची बातमी नव्हे, भांड्याला भांडं लागतंच. पण हा अबोला भांड्यांवरून झालेला नव्हता. सासरे, म्हणजे बाबा, शेवटच्या आजारात घरीच राहिले. "मला कुठे हलवू नका," असं त्यांनी मोठीला सांगितलं आणि मोठीने ते ऐकलं. कारखान्यातून रजा काढून तिने त्यांचं सगळं केलं, तोंडात पाणी घालण्यापासून कूस बदलण्यापर्यंत. ते गेले त्या दिवशी घरात माणसं जमली होती. सगळ्यांसमोर धाकटी मोठीकडे बघून म्हणाली, "दवाखान्यात नेलं असतं तर बाबा आज असते."

एवढंच वाक्य. पण बोलणारी नर्स. तिला नाही कळणार तर कोणाला कळणार? मोठी तेव्हा गप्प बसली आणि मग गप्पच राहिली. ते वाक्य मात्र तिच्या उशाशी मुक्कामाला आलं. आपल्या हट्टापायी माणूस गेला की काय, हा किडा तिला आतून कुरतडत राहिला, आणि तिने तो नवऱ्यालाही दाखवला नाही.

अबोला होता, पण दोघींचं येणं-जाणं होतं. ते कुठे, ते सांगायला जरा मागे जावं लागेल.

घरात टीव्हीला जोडून व्हिडिओ गेम खेळायचा एक कन्सोल होता, दिराने लग्नाआधी हौसेने घेतलेला. गाड्यांच्या शर्यती, फुटबॉल, धाडधाड गोळ्या झाडणं, असले त्याचे खेळ. त्यातच कधीतरी एक गावाचा खेळ आला होता. तो कोणी उघडला नव्हता. उघडला बाबांनी, अंथरुणाला खिळल्यावर. या खेळात आपल्याला एका गावात जागा मिळते. तिथे घर बांधायचं, झाडं लावायची, गळ टाकून मासे धरायचे. गावात एक बोकड दुकान चालवतो, नाकावर चष्मा लावून. त्या चष्म्याची फ्रेम चेहऱ्याला लहान आहे, असं मोठीचं पहिल्या दिवसापासूनचं मत होतं.

बाबांनी जन्मभर लिफ्ट दुरुस्त केल्या. खेळातला बोकड "वर मजला चढवा, मजला चढवा" म्हणून मागे लागायचा, तेव्हा ते म्हणायचे, "आयुष्य वर-खाली करण्यात गेलं बाबा, आता जमिनीवर राहू दे." त्यांचा हात थरथरायचा, म्हणून पासवर्ड मोठी घालून द्यायची. मग त्यांच्या आग्रहाने तिने शेजारी आपलं घर बांधलं. सकाळी पाळी संपवून येणाऱ्या धाकटीने दुसऱ्या बाजूला बांधलं. मधे बाबा आणि दोन्हीकडे दोन सुना.

बाबा गेले, पण खेळातलं त्यांचं घर उभंच राहिलं. ज्या घराचा मालक फिरकत नाही, त्या घरात झुरळं होतात आणि अंगणात तण माजतं, असा त्या गावाचा नियम. शेजाऱ्याने आत जाऊन झुरळं चिरडली तर चालतं. मोठी संध्याकाळी कारखान्यातून आली की जाऊन चिरडायची. धाकटी सकाळी, घर रिकामं असताना, काय करायची ते मोठीने कधी पाहिलं नाही. फक्त आपल्या दारातल्या फुलांना आधीच पाणी घातलेलं असतं, एवढं तिला दिसायचं. एकदा तिने धाकटीच्या दारात लाल छत्री ठेवली. दुसऱ्या दिवशी तिच्या दारात गळ होता, नवाकोरा. तोंडाला कुलूप होतं, पण हात चालू होते. बोकड म्हणायचा, "तुमची शेजारीण आली होती. तुमची आठवण काढत होती." हे वाक्य तो कोणालाही ऐकवतो, हे मोठीला पक्कं माहीत होतं. तरी ते ऐकल्याशिवाय ती कन्सोल बंद करत नसे.

पुढे दिराला शहराच्या दुसऱ्या टोकाला नोकरी लागली आणि चुली वेगळ्या करायचं ठरलं. वाटणीत भांडण अजिबात झालं नाही, कारण भांडायचं तर बोलावं लागतं. कपाट इकडे, मिक्सर तिकडे, असं दोघं भाऊच ठरवत राहिले.

सामान न्यायला टेम्पो आला त्या रविवारी दीर टीव्हीसमोर मांडी घालून बसला होता. त्याने नवा कन्सोल घेतला होता. जुन्यातलं सगळं त्यात हलवायचं आणि जुना इथे सोडून जायचं, असा त्याचा बेत. शर्यतीच्या गाड्या गेल्या, फुटबॉलचा संघ सगळ्या चषकांसकट गेला. मग गाडं अडलं.

"वहिनी, बाबांचा पासवर्ड काय हो?"

"कशाला?"

"गाव हलवायचंय. हिचं घर आहे ना त्यात. पहिले रहिवासी बाबा, म्हणून त्यांचा पासवर्ड मागतोय."

मोठी दारातच थांबली. "माझं इथलं तसंच राहील ना? जुन्या फोनमधले फोटो नव्यात घेतो, तसं?"

"नाही ना. हे कॉपी होत नाही, हलतंच. अख्खं गाव न्या, नाहीतर फक्त एक रहिवासी न्या, असं विचारतोय. अख्खं गाव नेलं तर इथे काही उरणार नाही. एक नेला तर त्याचं घर आणि घरातलं सामान जाईल, बाकी सगळं इथे."

"आणि बाबांचं घर?"

"ते गावाबरोबर. ते काय आता स्वतः हलणार?" दीर हसला, मग त्याचं त्यालाच कसंतरी झालं.

स्वयंपाकघरात धाकटी कपबशा कागदात गुंडाळत होती. कागदाचा आवाज थांबला.

मोठीला वाटलं, आता ती बाहेर येईल आणि काहीतरी म्हणेल. ती आली नाही. मोठीचा दोन वर्षांचा राग उसळला. ज्या तोंडाने बाबांचं मरण माझ्या माथी मारलं, त्या तोंडाने आता बाबांना घेऊन जाणार?

"एकच न्या, भाऊजी," ती स्वयंपाकघरात ऐकू जाईल अशा बेताने म्हणाली. "ज्याने त्याने आपापलं न्यावं. बाबा इथेच राहतील. त्यांना हलवलेलं आवडत नव्हतं."

आतला कागद पुन्हा वाजायला लागला. मोठीने पासवर्ड घातला. पडद्यावर सूचना आली, की एकदा हलवलेलं परत आणता येणार नाही, नक्की का? दिराने वर बघितलं. बटण मोठीने स्वतःच्या हाताने दाबलं. पडद्यावर एक होडी धाकटीचं घर घेऊन निघाली आणि कडेला जाऊन दिसेनाशी झाली. थोड्या वेळाने खालून टेम्पोही निघाला.

संध्याकाळी मोठीने खेळ उघडला. धाकटीच्या घराच्या जागी मोकळी जमीन आणि 'जागा रिकामी आहे' अशी पाटी. आणि बाबांच्या अंगणात गवतावर हे एवढं सामान पडलेलं: निळा दिवा, पियानो, आरामखुर्ची, काचेच्या टाकीतलं कासव, लाल छत्री. सगळं धाकटीचं. मोठीचं टाळकंच फिरलं. जाताना नको तो पसारा आमच्या दारात टाकून गेली, आणि मी दिलेली छत्रीसुद्धा फेकून गेली, असं तिने मनाशी ठरवून टाकलं. राग आला की माणसाला सगळं लगेच समजतं.

तिने काही आवरलं नाही. पण एक गोष्ट तिच्या लक्षात यायला लागली. बाबांच्या घरात आता झुरळंच झुरळं. ती रोज चिरडायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तितकीच. अंगणात तण. तिच्या स्वतःच्या फुलांनी माना टाकल्या. इतके दिवस तिला वाटत होतं, की गावाचा भार आपल्याच डोक्यावर आहे आणि धाकटी येऊन जाऊन पाणी शिंपडते. आता कळलं, की संध्याकाळी आपल्याला दोन-चार झुरळं दिसायची, ती सकाळी धाकटीच्या हातून उरलेली असायची. बोकडही बदलला. "तुमच्या शेजारणीची काही खबर?" असं रोज विचारायचा. मोठी बटण दाबून पुढे जायची.

मग एक दिवस दिराचा फोन आला, विजेच्या बिलावरचं नाव बदलायचं होतं. बोलता बोलता तो म्हणाला, "वहिनी, तो गावाचा डेटा अर्धवट आला वाटतं. हिच्या घरात साधी खुर्चीसुद्धा नाही. ही आपली जमिनीवर बसलेली असते, चार भिंतींत. मी म्हटलं, दुकानात विचारून बघतो. तर म्हणते, नको, सगळं आलंय."

मोठीने फोन ठेवला आणि तिथेच बसली. घरातलं सामान जातं, बाहेरचं राहतं, हे दिरानेच सांगितलं होतं. म्हणजे धाकटीने सगळं आधीच बाहेर काढून बाबांच्या अंगणात ठेवलं होतं. त्याच दिवशी सकाळी, पाळीवरून आल्यावर, कोणी काही विचारायच्या आत. आपण "एकच न्या" असं तिला ऐकू जाईल असं म्हणालो, तेव्हा तिच्या घरात न्यायला काही उरलंच नव्हतं. मोठीला स्वतःची लाज वाटली. इतकी, की नवरा जेवायला बोलवायला आला तरी तिला उठवेना.

"अहो, उद्या कामावर उशिरा जाईन," ती म्हणाली. "धाकटीकडे जाऊन येते."

"बसमध्ये पुढे बस, मागे हादरे बसतात," एवढंच नवरा म्हणाला.

दोन कन्सोल एका खोलीत असले तर एका गावातून दुसऱ्या गावात पाहुणं म्हणून जाता येतं, हे बाबा मासे विकायला गेले असताना त्या बोकडानेच कधीतरी सांगितलं होतं. मोठीने कन्सोल टॉवेलात गुंडाळला, वायरी पिशवीत कोंबल्या आणि सकाळच्या बसने शहराच्या त्या टोकाला गेली.

धाकटीने दार उघडलं. नुकतीच आली होती, पांढरे बूट अजून पायात होते. तिने मोठीकडे बघितलं, मग पिशवीतून बाहेर आलेल्या वायरीकडे.

"बाबांच्या घरात झुरळं झालीत," मोठी म्हणाली. बसमध्ये तिने वेगळं, बरंच शहाणपणाचं काहीतरी जुळवून ठेवलं होतं. "माझ्या एकटीच्याने होत नाहीत."

"आत या, ताई."

खोलीत खोकी अजून तशीच होती. धाकटीने एक खुर्ची मोकळी करून दिली आणि स्वतः उभीच राहिली.

"सामान का ठेवून गेलीस?"

"बाबांचं घर कडेला पडलं असतं. माझ्या बाजूला कोणीच नाही, बरं दिसलं नसतं." मग ती म्हणाली, "आणि तुम्ही एकच न्या म्हणणार, हे मला माहीत होतं. तुमच्या जागी मी असते तर मीही तेच म्हटलं असतं."

"मी तुला ऐकू जावं म्हणून म्हटलं."

"ऐकलं मी." धाकटी खिडकीकडे वळली. मग तशीच पाठमोरी बोलू लागली. "ताई, दवाखान्याचं बाबांनी मलाच विचारलं होतं. मी पाळीवरून आले होते, तुम्ही खाली दूध आणायला गेला होतात. म्हणाले, तू रोज बघतेस, खरं सांग, नेलं तर मी परत येईन का? मी म्हटलं, नाही, बाबा. म्हणून त्यांनी तुम्हाला सांगितलं, हलवू नका."

मोठीच्या हातातली पिशवी घसरली, ती तिने धरली. "मग त्या दिवशी सगळ्यांसमोर..."

"सगळे माझ्याकडे बघत होते. नर्स घरात असून काय उपयोग झाला, असं. आणि मलाच वाटायला लागलं होतं, की मी चुकीचं सांगितलं. ते कोणावर तरी ढकलायचं होतं."

"वड्याचं तेल वांग्यावर."

"हो."

मोठीला संताप आला. किती रात्री तिने छताकडे बघत काढल्या होत्या, किती वेळा मनातल्या मनात बाबांना उचलून दवाखान्यात नेलं होतं. आणि हिला सगळं माहीत होतं. एका वाक्याने सुटका झाली असती, ते वाक्य हिने दोन वर्षं पोटात ठेवलं आणि रोज सकाळी फुलांना पाणी घातलं. पिशवी उचलावी आणि चालू लागावं, असं तिला वाटलं. ती उठलीही. पण धाकटी अजून पाठमोरीच होती, तिचे खांदे हलत होते, आणि पायातले बूट काढायचंही तिला सुचलं नव्हतं. हिने बाबांना खरं सांगितलं, हे मोठीला आत्ता नीट उमगलं. आपल्याला विचारलं असतं, तर आपण खोटं बोललो असतो.

"मला तुझा राग आलाय," मोठी म्हणाली.

"हो."

"तो लवकर जायचा नाही."

"नको जाऊ दे," धाकटी म्हणाली आणि डोळे पुसून वळली.

मोठी खाली बसली. टॉवेल सोडून तिने कन्सोल जमिनीवर ठेवला आणि वायरींचा गुंता सोडवायला घेतला.

"प्लग कुठेय?" तिने विचारलं. "आणि गावात आलीस की आधी त्यांच्याच घरात जा. मागच्या खोलीत फार झालीत."