द्यायला तुमीच या

"भांडं सावकाश द्या, पण द्यायला तुमीच या," असं म्हणत खालच्या मजल्यावरच्या मावशी झाकलेली वाटी हातात ठेवायच्या. वाटीत कधी येसराची आमटी, कधी अंबाडीची भाजी. मुलानं त्यांना परभणीत फ्लॅट घेऊन दिला होता. त्याआधीचा सगळा जन्म राणीसावरगावात, भरल्या घरात गेलेला.

आमची इमारत कशी, ते तुम्हाला काय सांगायचं? शेजारच्या दाराचा आवाज आला, की आपण जरा थांबून मग आपलं दार उघडतो, त्यातली. मावशींच्या वाट्यांनी आमची पंचाईत केली. वाटी रिकामी परत करू नये, हे सगळ्यांना ठाऊक. पण भरायची कशानं? आमच्याकडे स्वयंपाकालाच बाई. एकदा मी रिकामीच वाटी वॉचमनच्या हाती पाठवली, तर दुसऱ्या दिवशी तीच चटणीनं भरून पुन्हा माझ्या दारात.

वाट्यांवर त्यांच्या वारलेल्या नवऱ्याचं नाव कोरलेलं होतं. म्हातारीचा जीव भांड्यांत अडकलाय, असा आम्ही शहाण्यांनी अर्थ काढला. दिवाळीला सगळ्यांनी मिळून त्यांना वापरून फेकायचे प्लास्टिकचे डबे आणून दिले. आता भांडी परत यायची वाट बघायला नको, असं मीच त्यांना समजावलं.

"लय चांगलं केलं," एवढंच म्हणून त्या डबे घेऊन आत गेल्या.

काही दिवस डबे येत राहिले. परत न्यायचं काही नव्हतं, म्हणून खाली कुणी गेलं नाही. मग डबेही थांबले. तेही आमच्या उशिरा लक्षात आलं.

एका रविवारी मी सहज खाली गेले. मावशींनी दार उघडून आधी माझ्या मोकळ्या हातांकडे पाहिलं.

"काय काम होतं, बाई?"

नुसती बसायला आले, एवढं म्हणायला जीभ रेटेना. नळाला पाणी कधी येणार, असं काहीतरी विचारलं. त्यांनी सांगितलं. मग पदराशी चाळा करत, माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "बसायला या म्हणायची लाज वाटायची बघा मला. गावात कुणाला या म्हणावं लागत न्हाई. म्हणून भांडं द्यायची."

मी मान खाली घातली. नंतर येते म्हणाले आणि वर आले.

पुढं मुलगा त्यांना पुण्याला घेऊन गेला. वॉचमनकडून मी त्यांचा नंबर मिळवलाय. रोज काढून बघते. पण काय काम होतं, असं त्यांनी विचारलं तर? काही काम नाही, हे सांगायची मला अजून लाज वाटते.