शेवटच्या बाकापर्यंत

माझे थोरले साडू एखाद्या घरात गेले आणि तिथली माणसं आधी दचकली नि मग पोट धरून हसली नाहीत, असं घर अख्ख्या नाशकात शोधून सापडायचं नाही. माणूस पदार्थविज्ञानाचा प्राध्यापक. कुठल्याही नव्या खोलीत पाऊल टाकलं की हे आधी एक खणखणीत टाळी वाजवणार, तिचा घुमारा विरेपर्यंत मान तिरकी करून ऐकणार, आणि मगच 'नमस्कार' म्हणणार. माझ्या लग्नाच्या बैठकीला ते मुलीकडून, तिच्या थोरल्या बहिणीचे यजमान म्हणून आले होते. आमच्या दिवाणखान्यात त्यांची टाळी वाजली तेव्हा माझ्या आईला वाटलं, पाहुणे हॉटेलातल्यासारखं पाणी मागवताहेत. ती तांब्या घेऊन धावतच बाहेर आली. हे गंभीरपणे म्हणाले, "बोलणी आतल्या खोलीत करू या. इथं प्रत्येक शब्द दोनदा ऐकू येतो. तुमच्या अटी उगाच दुप्पट वाटतील." अट एकही नव्हती, पण माझे वडील इतके हसले की तिथंच सगळं जुळलं.

खरं तर आवाज हा त्यांचा मूळ विषयच नव्हे, टाळी हा तेव्हा नुसता छंद. मनमाडच्या रेल्वे वसाहतीत वाढलेल्या या माणसाला वेड होतं उजेडाचं. सिग्नलचा हिरवा आणि गार्डाच्या कंदिलाचा हिरवा वेगवेगळे का दिसतात, हे विचारून विचारून त्यांनी वडिलांना भंडावून सोडलं होतं. पुढे नाशकात कॉलेजला लागल्यावर तळघरातल्या एका अंधाऱ्या खोलीत त्यांनी आपलं यंत्र मांडलं. पदार्थ जाळायचा, त्याचा उजेड फोडून त्यातल्या रंगांच्या रेघा पाहायच्या आणि त्या रेघांवरून आत काय काय दडलंय ते ओळखायचं, हा त्यांचा उद्योग. खिशात कायम उजेड फोडून दाखवणारी एक रेघारेघांची काच. दिवाळीत गच्चीवर आम्ही सगळे आकाशातल्या फटाक्यांना "वा!" म्हणायचो, तेव्हा हे काच डोळ्याला लावून, हिरवा रंग दिसला की "बेरियम!" म्हणून ओरडायचे. आमच्या स्वयंपाकघरात येऊन गॅसच्या ज्योतीवर चिमूटभर मीठ टाकायचे आणि पिवळा भडका उडाला की म्हणायचे, "बघा, सोडियम!" माझी बायको एकदा वैतागून म्हणाली, "भाऊजी, ते सोडियम मी आमटीत घालणार होते."

या कामात त्यांचं नाव होऊ लागलं होतं. दक्षिणेतल्या एका मोठ्या संशोधन संस्थेनं त्यांना बोलावलं. जायची तयारी झाली, आणि नेमका त्याच सुमारास ताईंचा आवाज गेला. ताई म्हणजे त्यांची बायको, माझी थोरली मेव्हणी. गावातल्या एका शाळेत शिकवायच्या. वर पत्रे, खिडकीशी रस्ता, आणि दोन वर्गांमधली भिंत छतापर्यंत पोचायच्या आधीच संपलेली. इकडे कविता चालू असली की तिकडून पाढे येऊन आदळायचे. त्या गोंधळावर ताण देऊन देऊन ताईंच्या स्वरयंत्रावर गाठी आल्या. डॉक्टरांनी काही महिने एक शब्दही बोलायला बंदी केली आणि वर सांगितलं, "नोकरीचा विचार आता सोडाच." ताई बोलू शकत नव्हत्या, त्यामुळे रडल्यासुद्धा मुकाट्यानं. ते पाहवत नव्हतं.

साडू दुसऱ्या दिवशी उठून त्या शाळेत गेले आणि ताईंच्या वर्गात शेवटच्या बाकावर गुडघे पोटाशी घेऊन बसले. घरी आले ते पडलेल्या चेहऱ्यानं. मला म्हणाले, "साडूभाऊ, मागं नुसते स्वर पोचतात हो. व्यंजनं सगळी वाटेतच मरतात. ही इतकी वर्षं कुणाशी बोलत होती?" त्यांनी दक्षिणेला नकार कळवला. विभागप्रमुख चिडले. "अहो, जन्म प्रकाशात घालवलात आणि आता पत्र्याखाली आवाज मोजणार?" साडू म्हणाले, "प्रकाशाचं माझ्यावाचून काही अडत नाही."

मग त्यांनी कांद्याची रिकामी गोणपाटं जमवली, त्यांत भाताचं तूस भरलं, सगळी गादीसारखी टाचली आणि पत्र्याखाली टांगली. पहिल्याच दिवशी कांद्याचा असा काही वास सुटला की पोरांचे डोळे वाहायला लागले. मुख्याध्यापिका धावत आल्या. "सर, मुलं रडताहेत हो!" साडूंनी शांतपणे विचारलं, "पण रडण्याचा आवाज घुमत नाही ना?" आठवड्यात उंदरांनी तूस खाली पाडलं. मग गोणपाटं धुतली, कडुनिंबाच्या पाण्यात उकळली, तूस बदललं, मधली भिंत पत्र्यापर्यंत चढवली. ताईंना बोलायची परवानगी मिळाली तेव्हा, नोकरी सोडा म्हणणाऱ्या डॉक्टरांना न जुमानता, त्या वर्गावर गेल्या. साडू आवाज मोजायचं यंत्र घेऊन मागं बसले होते. ताई घरात बोलतात तेवढ्याच आवाजात म्हणाल्या, "पुस्तकं काढा." शेवटच्या बाकावरच्या पोरीनंसुद्धा पुस्तक काढलं. यंत्राकडे बघायचं मात्र साडू विसरले.

त्यानंतर त्यांनी तळघराला कुलूप लावलं ते लावलंच. येवल्यापासून पेठपर्यंत जिथं कुठं पत्र्याची शाळा असेल तिथं हे एसटीच्या टपावर पोती टाकून निघालेले. एकदा कंडक्टरनं हटकलं, "मास्तर, पोत्यात काय हाय?" "शांतता," साडू म्हणाले. "मंग लय हलकी भरली तुम्ही," असं म्हणत त्यानं स्वतः हात लावून पोती वर चढवली. त्यांचे विद्यार्थी मोठमोठ्या हुद्द्यांवर गेले. त्यातला कुणी भेटला की हळहळतो, "सर तेव्हा गेले असते तर कुठल्या कुठे पोचले असते." त्यांच्यासमोर हे कुणी बोललं की ते पटकन विषय बदलतात.

गेल्या महिन्यात गंगापूर रोडच्या त्यांच्या फ्लॅटवर आम्ही दोघं गेलो होतो. साडू आता ऐंशीच्या घरात आहेत. कान गेले, यंत्र लावतात. ताई आत चहा टाकता टाकता माझ्या बायकोशी बोलत होत्या. साडूंनी खुर्ची माझ्याजवळ ओढली आणि, त्यांच्या समजुतीप्रमाणे, हळूच म्हणाले, "एक विचारू? या यंत्रातून शब्द कळतात, पण आवाज सगळ्यांचे सारखेच येतात. तुमचा, दूधवाल्याचा, हिचा. हिचा आवाज हल्ली कसा आहे?"

"चांगला आहे की. पूर्वीसारखाच."

"पूर्वीसारखा म्हणजे? नीट ऐका आणि सांगा."

मी कान देऊन ऐकू लागलो. इतक्या वर्षांत ताईंचं बोलणं मी पुष्कळ ऐकलं होतं, आवाज कधी ऐकला नव्हता. "खालच्या पट्टीतला आहे," मी चाचपडत म्हणालो, "जरासा घोगरा. वाक्य संपताना दमतो. पण हसल्या की एकदम मोकळा होतो."

"आत्ता हसली?"

"हो."

"कशाला?"

"तुमचंच काहीतरी सांगताहेत."

त्यांनी मान हलवली, माझ्या ओठांकडे टक लावून पाहिलं आणि म्हणाले, "थांबू नका. सांगत राहा."

चहा येईपर्यंत मी सांगत राहिलो.