पाव्हण्यांनी नाचायचं असतं

पहिल्या दिवशी सकाळी सात वाजता मी औशाच्या किल्ल्याच्या दारात शिट्टी फुंकली आणि चौदा बायका एकदम दचकल्या. शिट्टी शाळेतली होती. निवृत्त होताना शाल, नारळ, हार सगळं रीतसर घेतलं. शिट्टी मात्र कुणाला न विचारता घरी आणली. तीस वर्षं मी जिल्हा परिषदेच्या शाळेत पोरांना किल्ले शिकवले. खंदक, बुरूज, दरवाजे, सगळं खडूनं फळ्यावर. आमचं गाव औशापासून दोन कोसांवर, आणि या चौदा जणींतल्या एकीनंही तो किल्ला आतून पाहिलेला नव्हता. बाजाराला जाता-येता एस.टी.च्या खिडकीतून तटबंदी दिसायची, तेवढीच. मला या गोष्टीचा फार राग यायचा, आणि राग आला की मी काहीतरी काढून बसते.

या वेळी सहल काढली होती, आणि देवदर्शनाची नव्हे. पाच दिवस, नुसतं बघायचं. औसा, खरोशाची लेणी, कंधारचा किल्ला, इस्लापूरजवळचा सहस्रकुंड धबधबा आणि शेवटी किनवटच्या पुढे जंगलाला लागून असलेलं गोंडांचं एक गाव. गाडी भाड्याची, चालक ओळखीतला आणि अबोल, माहिती सांगणारी मी. गौरी गेल्या होत्या, मूग-उडीद घरात आले होते आणि सोयाबीन काढणीला अजून पंधरा-वीस दिवस होते. शेतकऱ्याच्या घरातल्या बाईला वर्षात सवड मिळते ती एवढीच.

परवानगी मात्र सहज मिळाली नाही. आमच्या घरात थोरले दीर भावजयीशी थेट बोलत नाहीत. मला ऐकू जाईल अशा बेतानं ते ओसरीवर अक्काला, म्हणजे त्यांच्या बायकोला, म्हणाले, "तू संगट जा. बरं वाटलं तर फुडच्या साली बघू. तू नको म्हणलीस की इषय संपला." गावातल्या बाकीच्या पुरुषांनीही तेच धरलं. अक्का काय म्हणते ते बघू. म्हणजे चौदा बायकांची पुढची सगळी फिरती माझ्या मोठ्या जाऊच्या जिभेवर येऊन बसली, आणि त्या जिभेवरून आजवर कुठल्याही गोष्टीला 'छान' गेलेलं मी तरी ऐकलेलं नाही.

अक्का त्या चौदा जणींखेरीज पंधरावी, साठीला आलेली. तिनं पाच दिवस पुरतील एवढ्या दशम्या, शेंगदाण्याची चटणी आणि घरच्या पाण्याचा मोठा कॅन बरोबर घेतला. परक्याच्या घरचं पाणी ती घेत नाही. का घेत नाही हे तिला कुणी विचारलेलं नाही, मीही नाही. मी शाळेत समतेचे धडे शिकवले आणि घरी येऊन तिच्या या सोवळ्याबद्दल चकार शब्द न काढता तीस वर्षं काढली, हे लिहिताना मला लाज वाटते.

औशाच्या किल्ल्यात बायका आधी कुजबुजत चालल्या. अर्ध्या तासात तटावर चढून आपलं गाव कुठल्या बाजूला आहे यावर भांडायला लागल्या. खरोशाला लेण्यांत शिरल्यावर एकीनं खांबाला हात लावून विचारलं, "मॅडम, हे आधी उभा केलं का आधी कोरलं?" मी सांगितलं की हे उभं केलेलंच नाही, डोंगर आतून काढून टाकला आणि उरलं ते लेणं. ती म्हणाली, "म्हंजी चुकलं तर परत जोडायची सोय न्हाई." असं मला तीस वर्षांत एकही पोर म्हणालं नव्हतं. अक्का बाहेर पायरीवर बसून होती. "दगडंच हायेत की," एवढं म्हणाली.

दुसऱ्या दिवशी कंधारला एका प्रचंड मूर्तीचे तुकडे पाहिले. नुसतं पाऊलच एवढं, की त्याच्या शेजारी तिघी जणी मांडी घालून बसल्या. बाकीची मूर्ती केवढी असेल याचा हिशेब करता करता त्यांचं जेवण राहिलं. किल्ल्याच्या खंदकात पाणी होतं, ते बघून सगळ्या हरखल्या. अक्का म्हणाली, "पाणी हाय अन् कुणी शेताला घेत न्हाई." नांदेडला मुक्काम करून तिसऱ्या दिवशी अर्धापूरच्या केळीच्या बागांमधून निघालो. तिथं मात्र ती पहिल्यांदा खिडकीजवळ सरकली आणि घडांकडे बघत राहिली. केळी तिला पटली होती, पण केळी काही माझ्या यादीत नव्हती.

सहस्रकुंडाला पैनगंगा भरून वाहत होती. काळ्या खडकावरून एवढं पाणी एकदम खाली जाताना आमच्यातल्या कुणी पाहिलं नव्हतं. मी माहितीचा कागद काढला, तो तुषारांनी भिजून हातात मऊ झाला, मी तो पिशवीत कोंबला. चार पोरांची आई असलेली एक बाई काठाच्या कठड्याला धरून मोठ्यानं ओरडत होती. शब्द नव्हते, नुसता आवाज. मग दुसरी ओरडली, मग सगळ्या. पाण्याच्या त्या आवाजात कुणाचं कुणाला काही ऐकू येत नव्हतं, म्हणूनच ओरडता येत होतं. मीही ओरडले. मला त्या दिवशी इतकं बरं वाटलं की अक्काची आठवणच राहिली नाही. मागं वळून पाहिलं तर ती छत्रीखाली उभी होती आणि तिनं गाडीकडे तोंड केलं होतं.

चौथ्या दिवशी सगळी भिस्त त्या गोंडांच्या गावावर होती. मी सहलीचा एक कागद छापून घेतला होता आणि त्यावर ठळक अक्षरांत लिहिलं होतं: आदिवासी नृत्य, दुपारी तीन ते पाच. किनवटकडच्या आश्रमशाळेत नोकरी केलेले माझे एक जुने सहकारी होते, त्यांच्याकडून निरोप पाठवला होता. पाव्हणे येणार आहेत, नाचाचा कार्यक्रम ठेवायचा आहे. 'हो, या' असं उत्तर आलं होतं. मी शाळेतली बाई. कार्यक्रम म्हटला की मला स्टेज, सतरंजी आणि समोर बसलेले पाहुणे दिसतात. आणखी काही विचारायचं असतं हे माझ्या डोक्यातच आलं नाही.

गावाच्या तोंडाशीच पाटील उभे होते. त्यांच्यात पाटला म्हणतात. उंच, सडसडीत, पांढरं धोतर. राम राम झालं. एका मोठ्या झाडाखाली जागा झाडून ठेवली होती. गावातल्या बायका-माणसं, म्हातारे, पोरं, सगळी कडेनं गोल बसली होती. दोन ढोलवाले आणि सनईसारखं पेपरं वाजवणारा एक जण तयार होता. मधली जागा मोकळी. आम्हीही कडेला बसलो. ढोल सुरू झाला. पाच मिनिटं झाली, दहा झाली. कुणी उठेना. गावातले लोक आमच्याकडे बघत होते आणि आम्ही त्यांच्याकडे.

शेवटी मी पाटलांजवळ जाऊन विचारलं, "नाचणारे कधी येतील?"

ते गोंधळले. "आले की. तुमीच नं."

मग त्यांनी मला शांतपणे समजावलं. दिवाळीच्या आधी त्यांच्यात दंडारी निघते. एका गावचे लोक दुसऱ्या गावाला पाव्हणे म्हणून जातात. जे जातात ते नाचतात. ज्यांच्या घरी जायचं ते बघतात आणि जेवू घालतात. "पाव्हण्यांनी नाचायचं राहते, बाई. तुमी निरोप धाडला, पाव्हणे येऊन राहिले, नाच हाय. आमी सैपाक करून ठेवला."

"पण तुमचा तो मोरपिसांचा टोप घालून..." मी म्हणाले.

"तो दिवाळीलेच निघते. देवाचा हाय तो. असा कोणी मांगितला म्हून नाही घालत." ते रागावले नव्हते, पण पुढं बोलायला जागाही ठेवली नव्हती.

मी परत आले आणि चौदा जणींना सांगितलं. त्यांची तोंडं बघण्यासारखी झाली. गावात मिरवणुकीतसुद्धा ज्यांनी कधी पाय हलवला नाही, त्या परक्या गावात, परक्या माणसांसमोर नाचणार? एकीनं पदर तोंडाला लावला. एक म्हणाली, "घरी कळलं तर?" आणि सगळ्यांच्या नजरा अक्काकडे गेल्या. अक्का कॅनवर हात ठेवून बसली होती. चेहऱ्यावर काही दिसत नव्हतं. नाचलो तर अक्का घरी काय सांगेल ते स्पष्ट होतं. न नाचता उठलो तर, सकाळपासून चूल पेटवून बसलेल्या या लोकांचा अपमान करून उठलो असतो, आणि तो अपमान माझ्या छापील कागदानं केलेला असता.

"मॅडम, तुमी आधी," मागून कुणीतरी म्हणालं.

तीस स्नेहसंमेलनांत मी पोरींना नाचवलं आहे. पाय वर, हात सरळ, हसा! स्वतः एकदाही नाचले नाही. बाईंनी नाचायचं नसतं असं मला वाटायचं. खरं सांगायचं तर मला ताल नाही, आणि हे कुणाला कळू नये म्हणून मी शिट्टी वाजवत होते.

शिट्टी गळ्यातून काढली, पिशवीत टाकली आणि मध्ये गेले. झिम्मा आठवेल तसा सुरू केला. टाळी एकीकडे, पाय दुसरीकडे. गावातली पोरं खिदळायला लागली, ढोलवाल्यानं माझ्यासाठी ताल हळू केला तरी मला तो सापडेना. घाम फुटला, कान तापले, पण थांबायचं नाही असं ठरवलं होतं. मी एकटीच त्या एवढ्या मोठ्या जागेत उड्या मारत होते आणि माझ्या चौदा जणी माना खाली घालून बसल्या होत्या.

"अगं ए! पाय असा टाकतेत व्हय?"

अक्का उभी होती. भयंकर चिडलेली. मला वाटलं, संपलं. ती तरातरा आत आली, मला खांद्याला धरून बाजूला सारलं आणि म्हणाली, "सर तिकडं. कवाधरनं बघायलाव. सगळं वाटोळं करायलीस." मग तिनं पदर कमरेला खोचला, ढोलवाल्याकडे बघून बोटानं 'जरा जोरात' अशी खूण केली आणि पाऊल टाकलं.

अक्का लग्नाआधी तिच्या माहेरी पंचमीच्या फेरात सगळ्यांच्या पुढं असायची, हे मला त्या दिवशी कळलं. चाळीस वर्षं एका घरात राहून कळलं नव्हतं. गुडघे दुखतात म्हणून जी खरोशाच्या पायऱ्या चढली नाही, ती बाई ढोलाच्या बरोबर वाकत होती, गिरकी घेत होती, आणि गिरकीतच ओरडत होती, "बसलाव कशाला? उठा की!" चौदाच्या चौदा उठल्या. फेर धरला. पेपरंवाल्यानं अक्काच्या गाण्याचा सूर दुसऱ्या कडव्याला पकडला आणि मग सोडला नाही. गावातल्या म्हाताऱ्या गुडघ्यावर टाळ्या देत होत्या. माझे पाय तेव्हाही चुकत होते, पण आता कुणाचं लक्ष नव्हतं. मी रडत होते आणि हसत होते, आणि मला त्याची मुळीच लाज वाटली नाही.

फेर संपला तेव्हा आम्ही सगळ्या जमिनीवर बसलो. पाटलांच्या घरच्या सुनेनं पितळी तांब्या आधी अक्कापुढं धरला, कारण सगळ्यांत जास्त ती नाचली होती. कॅन झाडाखाली होता, दहा पावलांवर. अक्कानं तांब्या दोन्ही हातांनी घेतला, वरून घटाघटा पाणी प्याली आणि म्हणाली, "अजून हाय का?" नंतर ज्वारीची भाकरी, बरबटीची, म्हणजे चवळीची, आमटी आणि भात. तिनं दोनदा आमटी मागून घेतली आणि तिसऱ्यांदा, यात काय घातलंय, ते विचारायला चुलीपाशी जाऊन बसली.

निघताना पाटला म्हणाले, "तुमची दंडारी आमी घेतली. आता दिवाळीले आमी येऊ तुमच्या गावाले, टोप घालून." त्यांच्यात आलेल्याची भेट परत करावीच लागते. मी काहीतरी बोलणार तेवढ्यात अक्कानं विचारलं, "माणसं किती? तेवढं आधी सांगा, म्हंजी पीठ दळून ठेवायला."

पाचव्या दिवशी गाडी गावात शिरली तेव्हा पारावर पुरुष जमलेलेच होते. थोरले दीर पुढं आले. पाच दिवसांचा निकाल ऐकायला बाकीचे जवळ सरकले. बायका गाडीतच बसून राहिल्या. दीर म्हणाले, "काय, बरं झालं का? परत पाठवायचं का न्हाई बायकांना?"

अक्का खाली उतरली, रिकामा कॅन त्यांच्या हातात दिला आणि म्हणाली, "अंगण सारवायला लागंल. दिवाळीला तीस पाव्हणे यायलेत, किनवटाकडून. ते येऊन गेले की आपल्याला परत त्यांच्याकडं जावं लागंल. मग ते येतील, मग आपुन जायचं. रीत हाय. पाठवायचं का, असं काय विचारायलाव?"

दारात आलेल्या पाहुण्याची परतभेट नको, असं म्हणणारा माणूस आमच्या भागात अजून जन्मायचा आहे. दीर कॅन हातात धरून तसेच उभे राहिले, आणि माझ्या मागं गाडीत चौदा बायका एकदम ओरडल्या, अगदी धबधब्यापाशी ओरडल्या होत्या तेवढ्या मोठ्यानं, फक्त या वेळी सगळ्या गावाला ऐकू गेलं.