मापाचा खांब

मी बसायच्या आधी शिपायानं खुर्चीवर वर्तमानपत्र अंथरलं. बाकीच्या खुर्च्यांवर काही नव्हतं. काळेवाडीहून निघताना मी आंघोळ केली होती, धुतलेला सदरा घातला होता. तरी कागद. बसलो. जरा हललो की तो वाजायचा, आणि सगळे माझ्याकडं बघायचे.

चिंचवडचं ते ऑफिस. समोर लवाद, म्हणजे दोघांचं भांडण ऐकून निकाल देणारे साहेब. एका बाजूला ठेकेदार, दुसऱ्या बाजूला सरकारी इंजिनियर. भांडण चाकणकडच्या सरकारी शाळेच्या पायाचं. ठेकेदार म्हणायचा, खाली खडक लागला, दर वाढवून द्या. इंजिनियर म्हणायचा, नुसता मुरूम होता. खोदणारे आम्ही. मुकादम मी. आम्हाला वर्षभर कुणी विचारलं नाही, आज मला साक्षीला बोलावलं.

आमच्या कामात खोदताना मधे मातीचा एक खांब तसाच ठेवतात. त्याच्या उंचीवरून माप घेतात. माप होईपर्यंत त्याला जपायचं. जन्मभर जपत आलो. "केस चाललीय. खड्ड्याला नि खांबाला काही होता कामा नये," ठेकेदारानं बजावलं होतं. काम थांबलं, खड्डा उघडा राहिला. ना कुंपण, ना बाजूंना आधार. साहेब लोक एकमेकांना पत्रं लिहीत बसले. आमची पत्र्याची खोली तेव्हा खड्ड्याच्या काठावरच.

पावसानं खांब झिजायला लागला. मीच बायकोला म्हणालो, "शेवंता, जरा ताडपत्री टाकून ये त्याच्यावर."

"तुमचा खांब म्हंजे जावईच झालाय जणू," ती म्हणाली. हसत शिडीवरून उतरली.

बाजू ढासळली.

आम्ही हातांनी उकरलं. फावडं मारायला भ्यालो, तिला लागेल म्हणून. लागायला ती राहिलीच नव्हती.

खांब मात्र उभा होता. ताडपत्रीसकट.

ऑफिसात ठेकेदाराच्या वकिलानं विचारलं, "खांब किती उंच होता?"

"बायकोच्या डोक्याच्या वर दोन हात."

"बाबा, मीटरमध्ये सांगा. बायका काय, लहानमोठ्या असतात."

हसले. दोन्ही बाजूंचे. वर्षभर भांडणारे तेव्हा एकत्र हसले.

"तिथंच मेली ती, साहेब."

"वाईट झालं," लवाद साहेब मान वर न करता म्हणाले. "पण ते आपल्या विषयात येत नाही."

मी पुढची मापं सांगत राहिलो. त्याची मला लाज वाटते.

जेवणानंतर त्यांचं जमलं. तडजोड. हात मिळवले, चहा आला. वकिलानं माझ्यापुढं एक कागद सरकवला, शेजारी शाईचं पॅड. "अंगठा द्या बाबा, की सुटलात."

"सही येती मला."

शेवंता चौथी शिकलेली. कामावर ओल्या वाळूत काडीनं तिनं मला अक्षरं गिरवायला लावली होती. म्हणायची, "अंगठा देऊ नका कुठं. अंगठ्याला डोळे नसत्यात." म्हणून तो कागद वाचायला लागलो. अक्षराला अक्षर जोडत. वकील घड्याळ बघत होता. "अहो, आम्ही सांगतो ना काय लिहिलंय!"

लिहिलं होतं, खड्ड्याला कुंपण होते. मजूर बाई कोणालाही न विचारता आत उतरली.

मेल्यावर तिलाच गुन्हेगार केली.

उठलो. वर्तमानपत्र पाठीमागं चिकटून आलं. ते सोडवून टेबलावर ठेवलं.

"कुंपण न्हवतं. आन् ती न विचारता न्हाई उतरली. मी धाडली. ह्यांच्या शब्दाला जागून धाडली."

ठेकेदार म्हणाला, "म्हाताऱ्या, अशानं तूच आत जाशील."

"व्हय. तुमीबी चला संगं."

सही केली नाही. जिना उतरलो.

आता माझा कागद मीच लिहितोय. पोलीस चौकीत देणार. तिथं नाही घेतला तर वर. पहिली ओळ माझी: मी तिला खड्ड्यात पाठवलं. ती लिहिताना दोनदा पेन खाली ठेवला. दुसऱ्या ओळीपासून त्यांचं, नावानिशी. माप मीटरमध्ये लिहिलेलं नाही. शेवंताच्या डोक्याच्या वर दोन हात, असंच लिहिलंय, आणि कुणी खोडायला सांगितलं तरी खोडणार नाही.

तडजोड त्यांची झाली. माझी झालेली नाही. मी करणार नाही.