सरांचा बंट

आमच्या शाळेच्या मुलींना बेसबॉल शिकवणारे सर बोलण्याआधी टोपी सरळ करतात. मुलींना बॉल ठोकायची हौस, सरांना बंटची. बॅट फिरवायची नाही, नुसती आडवी धरायची. बॉल पायाशी पडतो, मारणारी बहुधा आऊट होते, पण बेसवरची मुलगी पुढे पोचते.

"मीच काहून आऊट होऊ, सर?" एकीने विचारलं.

"मंग काय मी होऊ?" टोपी सरळ झाली. "अन् बेसवालीनं निघाल्यावर मांगं पाहाचं नाई!"

परवा अकोल्याला मॅच होती. सोबत मी, गणिताची बाई. अमरावतीच्या स्टँडवर गाडी गच्च, कंडक्टर दार अडवून उभा. पुढच्या गाडीने मॅच हुकणार होती. सरांनी टोपी सरळ केली.

"मांगच्या चाकात हवा नाई हो, साहेब!"

कंडक्टर पाहायला उतरला आणि आम्ही सगळ्या आत घुसलो. हवा पुरेपूर होती. भडकलेल्या कंडक्टरने सरांना तेवढं खाली ठेवून बेल मारली.

मुली खिडक्यांतून ओरडल्या, "सर, तुमीच आऊट झाले!"

सरांनी टोपी सरळ केली.

"मांगं काहून पाहून राहिल्या?"